नऊ नंबरचा जया

चार वाजता मॅच होती आणि पावणेदोन वाजता आमचा नऊ नंबर पंचगंगेत कमरेएवढ्या पाण्यात उभा राहून म्हशीची पाठ घासत होता.

मी काठावरून ओरडलो, "जया! पावणेदोन झाले!"

त्यानं मान वर केली नाही. "किती?"

"पावणेदोन!"

"मग हाईत की अजून दोन तास."

"चाचांनी अडीचला बोलावलंय."

"चाचा बोलावत्यात. तुझ्यासारखी जात्यात." त्यानं म्हशीच्या पोटावर पाण्याचा हबका मारला. "बरं, आलायस तर ह्या चंद्रीला धर जरा. लई हालालीय."

माझ्या सायकलच्या कॅरिअरला टीमच्या जर्सींचं गाठोडं बांधलेलं होतं. अंगात इस्त्रीचा शर्ट होता, कारण पुण्याहून साहेब येणार होते. मी पँट गुडघ्यापर्यंत वर केली, पाण्यात उतरलो आणि चंद्रीचं दावं धरलं. जया म्हणाला आणि मी केलं नाही, असं तोवर एकदाही झालं नव्हतं.

ही एकोणीसशे चौऱ्याण्णवच्या फेब्रुवारीतली गोष्ट. कोल्हापुरात पेठेपेठेला तालीम आणि तालमीतालमीला फुटबॉलची टीम. आमची रणभैरव तालीम. मोठ्या टीमच्या मॅचला पंधरा-वीस हजार माणूस जमायचं. आम्ही खालच्या गटात, पोलीस ग्राउंडवर खेळायचो आणि आमच्या मॅचला दोन-तीनशे माणसं असायची, त्यातली निम्मी आमच्याच गल्लीतली. मी तिथं नऊ वर्षं सेंटर हाफ होतो. म्हणजे मधला. मागून आलेला बॉल घ्यायचा, इकडंतिकडं बघायचं आणि पुढं जो मोकळा असेल त्याला द्यायचा. पेपरात गोल करणाऱ्याचं नाव यायचं, गोल अडवणाऱ्याचं यायचं. माझं एकदाच आलं, तेही 'तिवळे' असं छापून. माझं आडनाव तिवले.

आणि जयसिंग बुचडे म्हणजे जया, आमचा फॉरवर्ड. त्याचं नाव कधीच चुकीचं छापून आलं नाही.

त्या दिवशी पुण्याच्या एका कारखान्याच्या टीमचे मॅनेजर, सबनीस साहेब, आमची मॅच बघायला येणार होते. आमचे कोच मेहबूबचाचा शिकलगार, टेलरिंगचं दुकान चालवायचे आणि टीमच्या जर्सी स्वतः शिवायचे. त्यांनी महिनाभर पत्रं पाठवून साहेबांना आणलं होतं. कारखान्यात खेळाडूसाठी एक जागा होती. एकच. ती कुणासाठी, हे विचारायची कुणाला गरज वाटली नव्हती. जयानं स्वतःच गल्लीत सांगून टाकलं होतं, "पुण्याचा साहेब माझ्यासाठी यालाय."

मीही पंचवीस वर्षांचा होतो. उद्यमनगरात लेथवर काम करायचो, टेंपररी. दर अकरा महिन्यांनी घरी बसवायचे आणि पंधरा दिवसांनी परत बोलवायचे. मला शैलाशी लग्न करायचं होतं. तिच्या वडिलांनी मला तोंडावर सांगितलं होतं, "पोरगा चांगला हाय. पर्मनंट झाला की या सुपारी फोडायला." पण मला कुणी बघावं म्हणून कुणी पत्र पाठवत नव्हतं. असो.

म्हशी घेऊन आम्ही त्याच्या घरी पोचलो तेव्हा सव्वादोन झाले होते.

"कपडे बदल आणि बूट घे," मी म्हणालो.

"बूट न्हाईत."

"न्हाईत म्हणजे?"

"वडणग्याला हाईत."

"वडणग्याला कशाला गेले बूट?"

"मी गेलतो परवा. शर्यतीत म्हशी पळवायच्या होत्या, ते बघायला. बूट घालूनच गेलतो. येताना चप्पल घालून आलो."

"कुणाची?"

त्यानं जरा विचार केला. "ते म्हाईत न्हाई."

माझ्या तोंडात शिवी आली होती, पण आतून आक्का बाहेर आली. जयाची आई. हातात दुधाचा तांब्या. मला बघितलं की तिला दूध पाजल्याशिवाय चैन पडायचं नाही.

"दिगू, आलास व्हय? पी आधी." मग ती आवाज खाली आणून म्हणाली, "साहेब येणार हाय म्हणं पुण्याचा. मी अंबाबाईला नारळ बोललोय. ह्याला तेवढं लागू दे बाबा. हितं ऱ्हायला तर म्हशींच्या मागं म्हातारा होईल. सातवी नापास. तुझं काय, तुझ्या हातात कला हाय. ह्याच्या पायात हाय तेवढंच."

"होईल आक्का."

"तू जवळ असलास की धड खेळतो तो. लक्ष ठेव."

जया तोवर आरशासमोर उभा राहून केसाला पाणी लावत होता. मी म्हणालो, "जया, माझे जुने बूट आहेत, ते घाल."

"तुझा पाय बारका. मला न्हाई बसत. वडणगं काय लांब न्हाई, दिग्या. तुझ्याकडं सायकल हाय. थोरल्या आत्याच्या सोप्यात, हौदाच्या मागं बघ."

"आणि तू काय करतोस?"

"मी जर्सी घेऊन पुढं जातो की."

म्हणजे मी जायचं, हे ठरलेलंच. मी कॅरिअरवरचं गाठोडं सोडून त्याच्या हातात दिलं आणि सायकल मारत सुटलो. शिवाजी पुलावर ऊन नुसतं भाजत होतं. आत्या झोपली होती. बूट हौदाच्या मागं नव्हते. ते गोठ्याच्या छपरावर होते आणि एकात कोंबडीनं अंडं घातलं होतं. अंडं आत्याच्या हातात दिलं, बूट हँडलला अडकवले आणि परत फिरलो. जाऊन येऊन बारा किलोमीटर. ग्राउंडवर पोचलो तेव्हा साडेतीन होत आले होते आणि माझ्या इस्त्रीच्या शर्टाचं फडकं झालं होतं.

चाचा गोलपोस्टजवळ उभे होते. "दिगू! ही वेळ झाली तुझी? बाकीची सगळी पोरं तयार होऊन बसलीत. जर्सीसुद्धा आज जयानं आणल्या!"

"चाचा, मी बूट आणायला..."

"कारणं नकोत. जा, कपडे घाल."

मांडवाखाली दोन खुर्च्या होत्या. एकीवर सोनेरी काड्यांचा चष्मा लावलेले सबनीस साहेब बसले होते, मांडीवर छोटी वही. दुसऱ्या खुर्चीवर जया. पायात ती कुणाची तरी चप्पल, पायावर पाय टाकलेला, आणि गप्पा चाललेल्या. मी बूट घेऊन तिथं गेलो. बूट त्याच्या पुढ्यात ठेवले.

"आला बघा," जया साहेबांना म्हणाला. "हा दिगू. आमचं सामानसुमान हाच बघतो."

साहेबांनी माझ्याकडं बघितलं. घामानं भिजलेला शर्ट, चिखलानं भरलेली पँट. ते चांगल्या मनानंच म्हणाले, "वा. कधी खेळतोस का नाही तूही?"

जया हसला. वाईट मनानं हसला असं मी म्हणणार नाही. त्याला खरोखर गंमत वाटली. आणि 'हा आमचा सेंटर हाफ आहे' एवढं वाक्य बोलावं, हे त्याच्या डोक्यातच आलं नाही. तो वाकला आणि बुटाच्या नाड्या सोडायला लागला. "दिग्या, ह्यात पिसं कसली रे?"

मी जर्सी चढवली. सहा नंबर.

पहिल्या हाफमध्ये आम्ही चांगले खेळलो. समोरची टीम दांडगी होती, धक्के देऊन खेळणारी, पण त्यांचा उजवा बॅक जड होता आणि जया त्याच्याच बाजूला, डावीकडं होता. मी बॉल दिला की जया त्या बॅकला एका झुकांडीत मागं टाकायचा आणि बाहेरची माणसं शिट्ट्या मारायची. आठव्या मिनिटाला मी मधून लांब बॉल टाकला, जयानं तो छातीवर घेतला, जमिनीला लागूही दिला नाही आणि असा मारला की वरच्या दांडीचा आवाज मांडवापर्यंत गेला. साहेब खुर्चीतून अर्धे उठले. मग बसले आणि वहीत काहीतरी लिहिलं.

बॉल दांडीला लागून परत आला तो मीच घेतला. तिघांमधून काढून नंदू मानेला, आमच्या उजव्या फॉरवर्डला दिला. मी मांडवाकडं बघितलं. साहेब अजून लिहीतच होते, मान खाली घालून.

असं पाच-सहा वेळा झालं. मी बॉल द्यायचो, जया पळायचा, वही उघडायची.

हाफ टायमाला चाचांनी लिंबाच्या फोडी वाटल्या. गोल झाला नव्हता, पण सगळ्यांना कळत होतं की होणार आहे. चाचा खाली बसले आणि बोटानं मातीत रेघा ओढल्या.

"त्यांचा बॅक दमलाय. डावीकडं मैदान मोकळं पडालंय. दिगू, बॉल मिळाला की दुसरीकडं बघायचं न्हाई. जयाला द्यायचा. एवढंच."

"देतोय की, चाचा."

"देतोय, पण उशिरा," जया लिंबू चोखत म्हणाला. "दिग्या, जरा लवकर सोड की. पाय जड झाल्यात काय तुझं आज?"

बारा किलोमीटर सायकल मारली होती त्याच्या बुटांसाठी. दोन-तीन पोरं हसली. मी लिंबाची साल टाकली आणि उभा राहिलो.

सेकंड हाफला खेळ उजवीकडं सरकला. नंदू माने कधी नव्हे तो पळत सुटला होता. त्याच्या बाजूनं आम्ही दोन कॉर्नर मिळवले. मला बॉल मिळत होता, मी फिरवत होतो, नंदूला देत होतो, परत घेत होतो. मी आयुष्यात एवढा निवांत कधीच खेळलो नव्हतो. कुठला माणूस कुठं आहे, कुठं जाणार आहे, सगळं आधीच दिसत होतं.

"दिग्या! हिकडं!" डावीकडून जयाचा आवाज येत होता. "दिग्या, हिकडं! आंधळा झालास व्हय?"

पासष्टाव्या मिनिटाला नंदूच्या पायाला लागून कसाबसा गोल झाला. सगळे नंदूच्या अंगावर पडले. जया आला नाही. तो डावीकडं दोन्ही हात कमरेवर ठेवून उभा होता.

त्यानंतर तो बिघडत गेला. आधी मला शिव्या, मग नंदूला, मग लाइन्समनला. आपली जागा सोडून मध्ये यायला लागला, माझ्याच पायातून बॉल काढून घ्यायला लागला. एकदा त्यानं मला खांद्यानं ढकललं. मी 'जया, शांत राहा,' एवढंच म्हणालो, तेही सगळ्यांना ऐकू जाईल असं. मग त्या जड बॅकनं त्याची जर्सी ओढली. पहिल्या हाफमध्ये दहा वेळा ओढली होती, तेव्हा जया हसून पुढं गेला होता. ह्या वेळी तो वळला आणि त्यानं बॅकच्या तोंडावर कोपर मारलं.

रेफ्रीनं लाल कार्ड काढलं. जयानं जर्सी काढून मैदानात टाकली आणि साहेबांच्या मांडवासमोरून, तसाच उघडा, चालत बाहेर गेला. आम्ही दहा जणांत मॅच संपवली. एक-शून्य.

मॅचनंतर सबनीस साहेबांनी मला बोटानं बोलावलं. खुर्ची पुढं केली. मी बसलो नाही.

"नाव काय तुझं?"

"तिवले, साहेब. दिगंबर तिवले."

"काय करतोस?"

"लेथवर आहे. टर्नर. आयटीआय झालंय."

"अरे वा." त्यांनी चष्मा काढून पुसला. "मघाशी मला वाटलं... जाऊ दे. दुसऱ्या हाफमध्ये मॅच तूच चालवलीस. डोकं थंड आहे तुझं. आम्हाला असा माणूस लागतो." मग थोडं थांबून म्हणाले, "तो नऊ नंबर. खेळ फार सुंदर आहे त्याचा. नेहमी असाच भडकतो का?"

'नाही' हे खरं उत्तर होतं. नऊ वर्षांत जयाला कधी साधं पिवळं कार्डसुद्धा मिळालं नव्हतं. तो आळशी होता, वेंधळा होता, बढाया मारायचा, पण मैदानात कुणावर हात टाकायचा नाही.

"आज जास्तच झालं, साहेब," मी म्हणालो.

त्यांनी पेन वहीवरच धरून ठेवलं. बहुतेक मी आणखी काही सांगेन म्हणून. आणि मी सांगितलं. दुपारपासूनचं सगळं. पावणेदोनला तो कुठं होता ते. बूट कुठं होते ते. अडीचची वेळ दिली की किती वाजता येतो ते. प्रॅक्टिसला किती दिवस येतो ते. एकही शब्द खोटा नव्हता. एकदा सुरू झाल्यावर मला थांबताच येईना. इतकी वर्षं पोटात साठलेलं कुणीतरी ऐकत होतं, आणि ऐकणाऱ्याच्या मांडीवर वही होती.

साहेबांनी वहीत एक आडवी रेघ मारली. "पुढच्या सोमवारी पुण्याला ये. सर्टिफिकेटं घेऊन."

मैदान रिकामं झालं होतं. चाचा एकटेच घामाच्या जर्सी मोजून गाठोड्यात भरत होते. मी मदतीला बसलो. जयाची जर्सी मातीतून मीच उचलून आणली होती.

"झालं तुझं?" चाचांनी विचारलं.

"सोमवारी बोलावलंय."

"चांगलं झालं. घरी पेढे दे." त्यांनी एक जर्सी झटकली, घडी घातली. "दिगू, सेकंड हाफला जया कुठं होता रे?"

"डावीकडं."

"कुठं डावीकडं?"

"लाइनीजवळ. त्यांच्या बॅकच्या मागं."

चाचांनी माझ्याकडं बघितलं. "म्हणजे दिसत होता तुला."

मी हातातली जर्सी घडी घालत राहिलो. ती उलटी होती, ती सुलटी केली, परत घडी घातली. चाचांनी गाठोड्याची गाठ मारली, डोक्यावर घेतलं आणि निघाले. सायकलवर नेतो म्हणालो, तर नको म्हणाले.

ते पुढं तीस वर्षं जगले. मला ईदला बोलवायचे, माझ्या पोरींचे कपडे शिवून द्यायचे. पण तो विषय त्यांनी पुन्हा काढला नाही, आणि त्यांच्यासमोर मी फुटबॉलबद्दल कधी बोललो नाही.

पुण्यात मी पर्मनंट झालो. शैलाशी लग्न झालं. कारखान्याच्या टीममध्ये अकरा वर्षं मी हाफ होतो आणि त्या अकरा वर्षांत आम्ही दुसऱ्या डिव्हिजनच्या वर कधी गेलो नाही. कुणी मला वाईट म्हटलं नाही, कुणी चांगलंही म्हटलं नाही. गुडघा गेल्यावर स्टोअरमध्ये बसवलं. तिथूनच मुदतीआधी रिटायर झालो.

जयाला तीन मॅचची बंदी आली. पुढच्या वर्षी एका मॅचमध्ये नडगी मोडली. पेठेतल्या एका हाडवैद्यानं बसवली ती वाकडी बसली. संपलं. चाचांनी त्यानंतर पुण्या-मुंबईला कुणाला पत्र पाठवल्याचं मी ऐकलं नाही. जया म्हशींच्या मागं म्हातारा झाला, आक्का म्हणाली होती तसाच. आक्का गेली तेव्हा मी गेलो होतो. जयानं सगळ्या पाव्हण्यांसमोर माझ्या खांद्यावर हात टाकून सांगितलं, "ह्यो आमचा दिगू. माझी नोकरी माझ्या ह्या टाळक्यानं घालवली. मी त्या बॅकला हाणलं. ह्यो शेवटपर्यंत सांगत होता, जया शांत ऱ्हा, जया शांत ऱ्हा." दर भेटीला तो हे सांगायचा. माझ्या पोरीच्या लग्नात त्यानं ते माझ्या व्याह्यांना सांगितलं. मी प्रत्येक वेळी दुसरीकडं बघायचो आणि मनातल्या मनात त्याच्यावर चिडायचो. ज्याला स्वतःचं नुकसान कुणी केलं तेही कळत नाही, अशा माणसाला काय म्हणायचं?

गेल्या वर्षी चाचा वारले. दुपारच्या नमाजनंतर माती झाली. कब्रस्तानातून बाहेर पडलो तर जया माझी वाट बघत उभा. पोट सुटलेलं, एक पाय ओढत चालणारा. समोरच्या टपरीवर घेऊन गेला. दोन कटिंग सांगितले.

"चाचा म्हणजे चाचा," तो म्हणाला. "आता आपल्यातलं कोण ऱ्हायलं? त्या मॅचचं कुणाला काय आठवतंय? मी त्या बॅकला..."

"जया, थांब."

"का रे?"

"त्या मॅचला मी तुला बॉल मुद्दाम दिला नाही."

त्यानं चहावर फुंकर घातली. "दिलास की. दांडीला मारला की मी."

"सेकंड हाफला. अर्धा तास तू मोकळा होतास. मला दिसत होतास. मी दिला नाही. आणि नंतर साहेबांनी तुझ्याबद्दल विचारलं, तेव्हा मी सगळं सांगितलं. म्हशीचं, बुटांचं, उशिरा येतोस ते. म्हणून माझं काम झालं."

त्यानं ग्लास तोंडापासून खाली घेतला. मग असा हसला की त्याच्या हातातला चहा हिंदकळला. टपरीवाल्याला म्हणाला, "ऐकलंस काय? ह्यो म्हणालाय, ह्यानं माझा गेम केला!"

"जया, मी खरं सांगतोय."

"अरे सोड मर्दा! तुला दिसायचंच न्हाई. तू कायम मान खाली घालून खेळायचास. एवढी अक्कल असती तुला, तर पुण्यात वरच्या डिव्हिजनला नसतास खेळलास?"

आणि मी चिडलो. तीस वर्षं छातीवर धोंडा वागवला, तो खाली ठेवायला आलो, आणि हा माणूस ठेवूच देत नव्हता. माझा आवाज चढला. "मान खाली? माझी मान खाली? त्या अर्ध्या तासात मैदानातला एकेक माणूस कुठं होता ते मी आजपण सांगतो तुला!"

"सांग."

मी बाकड्यावर त्याचा-माझा ग्लास मांडला. टपरीवाल्याचा एक रिकामा ओढून घेतला. "हा मी. हा नंदू, इथं. आणि हा तू." मी तिसरा ग्लास डावीकडं ठेवला. "इथं. मोकळा."

जया ग्लासांकडं बघत होता. आता हसत नव्हता. त्यानं हात पुढं केला, तिसऱ्या ग्लासवर दोन बोटं ठेवली आणि तो बाकड्याच्या कडेकडं, दोन इंच बाहेर सरकवला.

"एवढ्या आत न्हवतो," तो हळू म्हणाला. "लाइनीला चिकटून होतो. पहिल्यांदा तू बघितलंस, मला वाटलं आता देतोस. मग तू नंदूकडं वळलास. दुसऱ्यांदाही तू बघितलंस. तिसऱ्यांदा मला कळलं."

टपरीवाला कुणाला तरी सुट्टी बिस्किटं देत होता.

"मग इतकी वर्षं..." मी म्हणालो. "सगळ्यांना सांगत आलास ते?"

"काय सांगू मग? सामान बघणाऱ्यानं मला मैदानातनं बाहेर काढलं म्हणून?" त्यानं ग्लासवरची बोटं काढली. "तूही कुणाला सांगू नगंस, दिग्या. मी त्या बॅकला हाणलं, आणि माझी नोकरी गेली. आता ह्या वयात मी त्यात बदल करणार न्हाई."